क्लुशिनो जिंकणाऱ्या माणसाचं खरं मोठेपण लढाईनंतर दिसतं

पोलंडच्या पंखवाल्या घोडेस्वारांचे, म्हणजे हुसारांचे, व्हिडिओ सगळे शेअर करतात आणि त्यात क्लुशिनोची लढाई हमखास असते, पण ती जिंकणारा स्तानिस्वाव झुवकियेव्स्की कोण होता हे फार कुणी सांगत नाही. माझं स्पष्ट मत आहे की त्याचं खरं मोठेपण लढाईनंतरच्या दोन महिन्यांत आहे.

जन्म १५४७ चा, ल्विवजवळचा. पोलंडचा मुख्य सेनापती यान झामोयस्की याच्या हाताखाली तयार झाला, १५८८ ला बिचिनाच्या लढाईत पायाला जखम झाली आणि तो कायमचा लंगडत चालू लागला. मॉस्कोवर स्वारी करायला त्याचा विरोध होता, पण राजा झिग्मुंट तिसरा याने ठरवलंच म्हटल्यावर गेला.

रशियातलं क्लुशिनो गाव, ४ जुलै १६१०. समोर रशियन आणि स्वीडनच्या बाजूचे भाडोत्री सैनिक मिळून तीस हजारांच्या आसपास, याच्याकडे जेमतेम सात हजार. रात्रभर जंगलातून चालत आले, तोफा चिखलात मागे अडकल्या, आणि मैदानात मध्येच गावाचं कुंपण, त्यातल्या फटींमधून हुसारांना घुसावं लागत होतं. काही तुकड्यांनी आठ-दहा वेळा हल्ला केला म्हणतात, भाले मोडले तर तलवारी घेऊन. शेवटी मागे राहिलेल्या दोन लहान तोफा आणि थोडं पायदळ पोचलं, कुंपण फुटलं, आणि भाडोत्री लोकांनी बोलणी सुरू केली.

आता इथे दुसरा कुणी असता तर मॉस्को लुटायला निघाला असता. याने बोयारांशी म्हणजे तिथल्या सरदारांशी बसून ऑगस्टमध्ये करार केला, की राजाचा १५ वर्षांचा मुलगा व्वादिस्वाव त्सार म्हणजे रशियाचा झार होईल, पण ऑर्थोडॉक्स धर्माला आणि तिथल्या लोकांच्या हक्कांना हात लागणार नाही. शत्रूच्या राजधानीत इतक्या समजुतीने वागणारा सेनापती त्या काळात मला दुसरा दिसत नाही.

आणि राजाने काय केलं? मुलाला पाठवलं नाही, स्वतःलाच गादी हवी होती, स्मोलेन्स्क या रशियन शहराला त्याने घातलेला वेढाही उठवला नाही. झुवकियेव्स्की मॉस्को सोडून परत आला, आणि १६१२ ला क्रेमलिनमधल्या पोलिश शिबंदीने उपासमारीने शरणागती पत्करली. हे वाचताना मला अजूनही राजाचा प्रचंड राग येतो.

तो संत नव्हता हेही सांगायलाच हवं. १५९६ ला सोलोनित्सा इथे बंडखोर पुढारी नालिवायकोचे कोझाक, म्हणजे युक्रेनमधले लढवय्ये, शरण आल्यावर त्याच्या सैन्याने कत्तल केली, बायकापोरांसकट. युक्रेनमध्ये हे विसरलेले नाहीत आणि विसरूही नये.

शेवट १६२० चा, मोल्दोवात त्सेत्सोराजवळ, वय ७३. तुर्क आणि तातार मागे लागलेले असताना गाड्यांचं रिंगण करून हा आठवडाभर शिस्तीत मागे हटत होता. सरहद्द अगदी जवळ आली आणि छावणीतले नोकर, आधी केलेल्या लुटीची शिक्षा होईल या भीतीने घोडे घेऊन पळाले, रिंगण फुटलं. तो तिथेच मारला गेला, डोकं इस्तंबूलला पाठवलं, बायको रेगिनाने पुढे पैसे देऊन ते परत मिळवलं.

१६८३ ला व्हिएन्ना वाचवणारा यान सोबिएस्की हा याचाच पणतू, त्याचं नाव जगभर माहीत आहे. पणजोबाचं नाव निदान क्लुशिनोच्या पोस्टमध्ये तरी नीट लिहा, आणि जोडीला ऑगस्टचा तो करारही लिहा.