विंचवाचं बिऱ्हाड पेनड्राइव्हवर

डिस्क इमेज, म्हणजे अख्ख्या सीडी-डीव्हीडीची फाइलीत साठवलेली नक्कल, उघडणारं पोर्टेबल सॉफ्टवेअर पेनड्राइव्हवर घेऊन हिंडणारी आमची एक जमात आहे. कुठल्याही कॉम्प्युटरला लावा, इन्स्टॉल काही करायचं नाही, इमेज सीडीसारखी उघडेल आणि मागे खरकटं राहणार नाही, असा आमचा दावा. तो पहिल्या क्लिकपर्यंत टिकतो.

क्लिक केलं की विंडोज अ‍ॅडमिनचा पासवर्ड मागते. कारण नसलेला सीडी ड्राइव्ह आहे असं तिला पटवायचं तर ड्रायव्हर नावाचा छोटा प्रोग्राम लागतो. तो थेट कर्नलमध्ये, म्हणजे विंडोजच्या गाभ्यात बसतो, आणि तिथे अ‍ॅडमिनच्या परवानगीशिवाय कुणाला घेत नाहीत. विनसीडीइम्यू या अशाच सॉफ्टवेअरच्या पोर्टेबल आवृत्तीलाही यातून सूट नाही. ‘जेवूनच आलोय, काही नको’ म्हणत आलेल्या पाहुण्याने बसल्याबसल्या कपाटाची किल्ली मागावी, तसला हा प्रकार. आणि ऑफिसात ज्याच्याकडे पासवर्ड असतो तो नेमका रजेवर.

खरं तर साध्या आयएसओसाठी, म्हणजे सर्रास आढळणाऱ्या प्रकारच्या इमेजसाठी, एवढा खटाटोप लागतच नाही. विंडोज 8 पासून, म्हणजे 2012 पासून, आयएसओवर डबल-क्लिक केलं की ती आपोआप माउंट होते, म्हणजे ड्राइव्हसारखी दिसू लागते, पासवर्डही लागत नाही. त्याआधीचं विंडोज असेल तर पोर्टेबल 7-झिपने आयएसओ उघडून फाइली बाहेर ओढाव्यात. हे कुणी चारचौघांत सांगितलं की आमचा चेहरा पडतो. मग आम्ही हुकमी पान काढतो: बिन आणि क्यू, म्हणजे दोन फाइलींच्या जोडीतली इमेज.

इथे विंडोज हात टेकते. आयएसओत सीडीच्या दर सेक्टरला, म्हणजे कप्प्याला, 2,048 बाइट असतात, तर बिनमध्ये कच्चे 2,352, चूकदुरुस्तीच्या लवाजम्यासकट. क्यू ही बिनचं नाव आणि ट्रॅकचा तपशील सांगणारी इवलीशी टेक्स्ट फाइल. उत्साही माणूस बिनला ‘जुना गेम फायनल नवीन’ असं नाव देतो आणि क्यूला कळवायचं विसरतो. मग सॉफ्टवेअर म्हणतं, फाइल सापडत नाही. आणि आपण शेजारीच पडलेल्या बिनकडे बोट दाखवून पडद्याशी भांडतो. क्यू नोटपॅडमध्ये उघडून पहिल्या ओळीतल्या अवतरणचिन्हांत नवं नाव लिहिलं की भांडण मिटतं. बिनची आयएसओ करून टाका, असा सल्ला मिळेल. पण त्या सीडीवर गाण्यांचे ट्रॅक असतील तर ते आयएसओत मावत नाहीत, गेम मुका होतो.

पेनड्राइव्हचीही स्वतःची पथ्यं असतात. 32 जीबीपर्यंतचा बहुधा फॅट32 या पद्धतीने फॉरमॅट केलेला असतो, आणि त्यावर एक फाइल 4 जीबीहून मोठी चालत नाही. 28 जीबी मोकळे असले तरी भरगच्च डीव्हीडीची इमेज ‘फार मोठी’ ठरते. एक्सफॅटमध्ये फॉरमॅट करा. आतला माल मात्र आधी दुसरीकडे हलवा, फॉरमॅट कुणाची गय करत नाही. शिवाय घरी ई हे ड्राइव्हचं अक्षर मिळालेला पेनड्राइव्ह परक्या कॉम्प्युटरवर जी होतो आणि सॉफ्टवेअरने लक्षात ठेवलेले सगळे पत्ते चुकतात.

खरी कसोटी निघताना. इमेज माउंट असेपर्यंत पेनड्राइव्ह सुटत नाही. आधी आभासी ड्राइव्हवर राइट-क्लिक करून इजेक्ट, मग सॉफ्टवेअर बंद, मग ‘सेफली रिमूव्ह’. हाच क्रम. उलटा केलात तर ‘डिव्हाइस वापरात आहे’. क्रम पाळूनही तेच ऐकावं लागलं, तर मागे झाकली गेलेली एक्सप्लोररची खिडकी शोधा. बहुतेक वेळा तिनेच पेनड्राइव्ह धरून ठेवलेला असतो.