पटवाऱ्याची चौकशी कशी लावावी

साहेब, अतिवृष्टीच्या मदतीच्या यादीत नावं चुकली, गावात बोंब झाली आणि वरून फोन आला, तर आधी पटवाऱ्याला निलंबित करा. (पद आता ग्राम महसूल अधिकारी, निलंबन जुनंच.) पंचनाम्यावर ग्रामसेवक आणि कृषी सहायकाचीही सही असते, हे खरं. पण एका सहीवर भागत असेल तर तिघांना कशाला त्रास?

निलंबनकाळात मुख्यालय ठरवून द्यावं लागतं. पटवारी अहेरीचा असला तर गडचिरोली जिल्ह्याचं पार दक्षिण टोक, सिरोंचा द्या. परवानगीशिवाय त्याला तिथून हलता येत नाही, आणि निर्वाह भत्ता अर्ध्या पगाराच्या आसपास. त्यात दोन चुली पेटवायच्या. शिवाय 'दुसरी नोकरी-धंदा करीत नाही' असा दाखला मागा. त्यात काना-मात्रा चुकला की भत्ता पुढच्या महिन्यात.

2015 साली सर्वोच्च न्यायालयानं अजयकुमार चौधरी प्रकरणात सांगितलं की तीन महिन्यांत दोषारोपपत्र दिलं नाही तर निलंबन पुढे रेटता येत नाही. घाबरता कशाला? 89 व्या दिवशी द्या. त्यात लिहा, 'कर्तव्यात कसूर केली, सचोटी राखली नाही, वर्तन अशोभनीय.' कोणत्या दिवशी, कोणत्या गट नंबरात, हे लिहू नका. माणूस उत्तर देत बसतो. सोबतच्या कागदांची यादी मात्र लांबलचक हवी. कागद पाहायला मागितले तर 'कार्यालयीन वेळेत पाहावेत' म्हणावं, आणि अलमारीची किल्ली सुट्टीवरच्या बाबूकडं असावी.

सादरकर्ता अधिकारी (खात्याची बाजू मांडणारा) नेमूच नका. चौकशी अधिकाऱ्यानंच साक्षीदाराला विचारावं, तो अडला तर उत्तरही सुचवावं. कोतवालाचा जबाब आधीच टाइप करून ठेवलेला बरा. 'साहेब, वाचून तं दाखवा,' असं तो म्हणाला तर 'तुझंच बयान आहे ना बाप्पा,' म्हणत सहीच्या जागेवर बोट ठेवायचं. पटवारी उलटतपासणी मागेल. त्या दिवशी जिल्ह्याला मीटिंग असते.

महाराष्ट्र नागरी सेवेच्या 1979 च्या शिस्त व अपील नियमांतला नियम 8 (मोठ्या शिक्षेआधीच्या चौकशीची रीत) या सगळ्याच्या आड येतो, बाजू ऐकल्याशिवाय बडतर्फ करू नका म्हणणारं राज्यघटनेचं कलम 311 तर येतंच. पण ते वाचतो कोण? चौकशी अहवालाची प्रत द्यावीच लागते, हे सर्वोच्च न्यायालयाच्या 1993 च्या करुणाकर निकालानं पक्कं केलं. द्या की! अभिवेदन (अहवालावर त्याचं लेखी म्हणणं) मागवा, आणि ते येण्याआधीच टिपणी घालून ठेवा : 'अभिवेदन वाचले. समाधानकारक नाही.' का नाही, ते लिहायला जागा सोडू नका.

फक्त तारखा सांभाळा. अभिवेदन 14 तारखेला आवक झालं आणि टिपणी 11 ची निघाली, तर मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) वकील तेवढाच कागद वर धरतो. मग आदेश रद्द, चौकशी त्या टप्प्यापासून पुन्हा. तुमचं काय जातं? तोवर तुमची बदली झालेली असेल. पटवारी निवृत्त झाला तरी चौकशी चालू राहू शकते; त्याला तात्पुरती पेन्शन, आणि ग्रॅच्युइटी निकालापर्यंत अडकलेली. तेव्हा चौकशी अधिकाऱ्याला सांगून ठेवा, घाई नाही, पुढची तारीख धानकापणीनंतरची द्या.