तुळशीकडे जाणारी वाकडी वाट

आमच्या कुडाळकडच्या घरासमोर तुळस आहे. गेटमधून नाकासमोर बघितलं की दिसायची, विषय संपला. पण मी बागकामाचे इतके व्हिडिओ बघितले होते की हे मला फारच बाळबोध वाटायला लागलं. वाटेच्या शेवटी काय आहे ते आधी कळायलाच नको, वळण घ्यायचं, मधे झुडूप, आणि मग एकदम समोर फोकल पॉइंट! आईला म्हटलं, ताजमहालसुद्धा मोठ्या दरवाज्यातून आत शिरेपर्यंत नीट दिसत नाही. आई म्हणाली, "आत शिरल्यावर वाट सरळच आहे ना पण?"

मी ऐकलं नाही.

पाण्याचा पाइप अंगणात टाकून, पायाने ढकलत ढकलत झकास वळण काढलं, त्यावर चुन्याची फक्की मारली. गवंडीदादा कमरेवर हात ठेवून बघत होते. "सरळ जागा आसताना वाट वाकडी कित्याक?" मी हसून सोडून दिलं. जांभ्याचे चिरे आणले, दोन-दोन फुटांवर बसवले, माझं पाऊल मोजूनच, आणि इथेच गंडलो कारण त्या वाटेने रोज जाणार कोण तर आई, नऊवारीत, हातात पाण्याने काठोकाठ भरलेला तांब्या! तिचं पाऊल सव्वा फुटाचं. पहिल्या दिवशी एक पाय चिऱ्यावर, एक गवतात, तांब्यातलं निम्मं पाणी साडीवर. दुसऱ्या दिवसापासून ती गवतातून थेट जायला लागली.

मग पाऊस आला. चिऱ्यांवर हिरवंगार शेवाळ धरलं, फोटोत काय भारी दिसत होतं, आणि मी त्याच फोटोसाठी मागे सरकताना सपशेल आडवा. लपवाछपवीसाठी लावलेली जास्वंद तर अशी माजली की वळण घेतलं तरी तुळस दिसेना. दिसायचं काय, तर शेजारच्या गडग्यावर वाळत घातलेली काकांची पट्ट्यापट्ट्याची चड्डी. पाहुण्यांची नजर बरोब्बर तिथेच जाऊन थांबायची, म्हणजे फोकल पॉइंट एकदम यशस्वी.

तुळशीच्या लग्नाला झाडून सगळी वाडी आली, पण माझ्या वाटेने एक माणूस नाही. चिऱ्यांवर ओळीने चपला काढून सगळे गवतातून तुळशीपर्यंत. तोपर्यंत गेटपासून तिथवर मातीचा सरळ पट्टा पडलाच होता.

परवा गवंडीदादा उरलेले पैसे न्यायला आले, तेही त्याच पट्ट्यावरून. मधेच थांबले, खाली बघितलं.

"हयसून वाट पडली हा. चिरे घालूया?"