हामामुरांचं नाव राहिलंच की!

जपानी दिग्दर्शक यासुजिरो ओझूंवरचा तुमचा लेख आवडला. जमिनीलगतच्या कॅमेऱ्याचं भरभरून कौतुक केलंत, पण त्यांचे संकलक (एडिटर) योशियासु हामामुरांचा साधा उल्लेखही नाही? 'लेट स्प्रिंग' (१९४९), 'टोकियो स्टोरी' (१९५३), 'अ‍ॅन ऑटम आफ्टरनून' (१९६२), सगळे त्यांच्याच हाताखालून गेलेले. डिझॉल्व्ह (एक दृश्य दुसऱ्यात विरघळणं) नाही, फेड (दृश्य हळूहळू काळं होणं) नाही, नुसता सरळ कट. 'टोकियो स्टोरी'त आईचा शेवटचा श्वास दिसतच नाही; ओनोमिची या तिच्या गावाची रिकामी पहाट येते आणि मग थेट तिच्याभोवती बसलेली मुलं. मी तिथे दरवेळी पॉज करतो. आता, ओझूंचाच 'फ्लोटिंग वीड्स' (१९५९) दाएई या दुसऱ्या स्टुडिओचा, संकलक वेगळा, तरी लय तीच. त्यामुळे श्रेय नेमकं किती कुणाचं, यावर भांडायला मी तयार आहे. पण नाव तरी घ्या राव!