डोंगरावरून दिसलेलं गाव

काल रात्री ‘रमोना’ परत बघितला. १९१० चा मूकपट, डी. डब्ल्यू. ग्रिफिथचा, जेमतेम १७ मिनिटांचा, आणि पार झोप उडवली त्याने. हेलन हंट जॅक्सनची १८८४ ची अख्खी कादंबरी एका रिळात बसवलीय, त्यामुळे गोष्ट नुसती पळते. कॅलिफोर्नियातल्या बड्या स्पॅनिश घरात वाढलेली रमोना, तिचा अलेसांद्रो नावाच्या इंडियन, म्हणजे अमेरिकेतल्या मूळ रहिवासी, तरुणावर जीव जडतो, घरचे आडवे येतात, मग तिला कळतं की आपल्याही अंगात इंडियन रक्त आहे आणि ती सगळं सोडून त्याच्यामागे निघते. गोरे त्यांना एका जागेवरून उठवतात, मग दुसऱ्या. तान्हं बाळ जातं. नवऱ्याचं डोकं फिरतं. ती मात्र त्याची साथ सोडत नाही.

पण मला बोलायचंय ते एकाच शॉटबद्दल. अलेसांद्रो डोंगरावर उभा आहे आणि पार खाली दरीत त्याचं गाव जळतंय. कॅमेरामन बिली बिट्झरने कॅमेरा वरच ठेवलाय, अलेसांद्रोजवळ. घरं इवलीशी दिसतात, धूर चढत येतो, बस. ग्रिफिथ म्हटलं की सगळे क्लोजअपचं कौतुक करतात, इथे त्याने उलट केलंय, आणि मला हेच जास्त मोठं वाटतं, कारण आगीजवळ नेलं असतं तर आपण आग बघत बसलो असतो, इथे आपणही त्याच्याइतकेच लांब अडकतो, धावत सुटला तरी खाली पोचेपर्यंत काही उरणार नाही हे त्याला कळतं आणि आपल्यालाही.

खटकतं ते खटकतंच. हे शूटिंग जॅक्सनबाईंनी कथा जिथे घडवली त्याच कॅलिफोर्नियातल्या कॅम्युलोसला जाऊन केलं, जागा खरी हवी म्हणून, आणि माणसं मात्र खरी नाहीत, अलेसांद्रो झालाय हेन्री वॉल्थॉल, रमोना मेरी पिकफर्ड, दोघंही गोरे. आणि ज्याने गोऱ्यांचा अन्याय इतका स्पष्ट दाखवला त्याच माणसाने पाचच वर्षांत ‘द बर्थ ऑफ अ नेशन’मध्ये कू क्लक्स क्लॅनला, काळ्यांवर हल्ले करणाऱ्या गोऱ्यांच्या टोळीला, हिरो केलं. मला त्याचा राग येतो, अजूनही येतो, पण म्हणून तो डोंगरावरचा शॉट खोटा ठरत नाही.

बघणार असाल तर प्लीज मोबाईलवर नको. मी पहिल्यांदा तसाच बघितला होता आणि त्या दरीत गाव आहे हेच मला दिसलं नव्हतं.