पोच घेतलीस का?

कॉलेजचं ऑफिस अकराला उघडतं, म्हणजे इथे लेस्टरला सकाळचे साडेसहा, त्यामुळे ऑगस्टमधला आख्खा आठवडा माझी झोप ताईच्या फोननेच मोडली. भाचीने तळकोकणातल्या एका खासगी कॉलेजात बीएस्सीला ॲडमिशन घेतली, मग कॅप राउंडमध्ये, म्हणजे सरकारच्या केंद्रीय प्रवेश फेरीत, तिला फार्मसीची सीट लागली, आणि कॉलेजवाले म्हणाले वर्षाची पूर्ण फी भरा, मगच मार्कशीट आणि दाखला मिळेल.

फॅमिली ग्रुपवर लगेच दोन पार्ट्या. एक म्हणते ग्राहक मंचात खेचा, दुसरी म्हणते तिकडे इंग्लंडात बघा, मुलं सरळ केस ठोकतात. अरे, कोण ठोकतंय केस! इथे आधी युनिव्हर्सिटीतच तक्रार करायची, ती संपली की आमच्याकडची प्रोसेस संपली असं युनिव्हर्सिटीनेच लेखी द्यायचं, आणि त्या पत्रापासून 12 महिन्यांत ओआयए नावाच्या स्वतंत्र संस्थेकडे जायचं, फुकटात. मार्क कमी का दिले यात ती पडत नाही. ग्राहक कायदा इथे विद्यार्थ्याला लागू होतो हे खरं, पण आपल्याकडे सुप्रीम कोर्टाने 2010 मध्येच सुरजीत कौर प्रकरणात परीक्षा देणारा विद्यार्थी ग्राहक नाही म्हटलंय, त्यामुळे मंचाच्या भरवशावर राहू नका.

आणि कागदावर आपलं काही कमी नाहीये. यूजीसीने, म्हणजे विद्यापीठ अनुदान आयोगाने, 2018 मध्येच सांगितलंय की ओरिजिनल कागद तपासून लगेच परत द्यायचे, अडकवून ठेवायचे नाहीत. यूजीसीच्याच 2023 च्या नियमांत कॉलेजच्या तक्रार समितीला 15 कामाचे दिवस, त्यावर विद्यापीठाने नेमलेल्या लोकपालाकडे अपील, त्याला 30 दिवस. अगदीच वेळ आली तर हायकोर्ट, आणि 18 ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूरला सर्किट बेंच झाल्यामुळे रत्नागिरी-सिंधुदुर्गवाल्यांची मुंबईची खेप तरी वाचली.

पण हे सगळं सुरू होतं एका शिक्क्यापासून. पहिल्या दिवशी क्लार्कने अर्ज घेतला, पेपरवेटखाली सरकवला, "सर आले की बघतो." मी विचारलं, पोच घेतलीस का? ताई गप्प. मागून आईचा आवाज, "तेंच्यावांगडा वाकडां कित्याक घेतंस, गणपतीक दारात येतले ते."

यावर मला काही बोलता येईना. इथे मी बिनधास्त तक्रारी करतो कारण इथला कुठला डीन माझ्या घरी आरतीला येत नाही. ताईला त्याच बाजारात, त्याच माणसांसमोर मासे घ्यायचेत, तिला "हक्कासाठी भांड" म्हणून लेस्टरमधून ज्ञान पाजळणं सोपं आहे.

तरी दुसऱ्या दिवशी दोन प्रती घेऊन गेली. शिक्का म्हणे सरांच्या कपाटात! मग तिने ईमेल केला, वर स्पीड पोस्टही टाकलं, अर्जात यूजीसीचा नियम आणि लोकपाल हे दोन शब्द घातले, भांडणाचा एक शब्द नाही. चौथ्या दिवशी कॉलेजमधूनच फोन, येऊन कागद घेऊन जा.

फीचं अडलंय. प्रवेशाच्या शेवटच्या तारखेनंतर 15 दिवसांच्या आत ॲडमिशन रद्द केली तर त्या 2018 च्या नियमाने 80 टक्के परत मिळायला हवेत, कॉलेज 50 च्या वर सरकत नाही. समितीकडे अर्ज गेलाय, या वेळी आवक नंबरासकट. ताई कालनिर्णयावर कामाचे दिवस मोजतेय, मध्ये गणपतीची सुट्टी आहे.