खुलासा : वीस हजार लीग ही खोली नव्हे
‘ज्यूल्स व्हर्नची नॉटिलस पाणबुडी वीस हजार लीग खोल जाते, म्हणजे लेखकाचा भूगोल कच्चा,’ असा टोमणा या फ्रेंच लेखकाच्या ‘ट्वेंटी थाउजंड लीग्ज अंडर द सी’ या कादंबरीवरून फिरतोय. टोमणा खुसखुशीत आहे, पण चुकीचा.

व्हर्नच्या हिशेबात एक लीग म्हणजे ४ किलोमीटर. वीस हजार लीग म्हणजे ८०,००० किलोमीटर! पृथ्वीचा व्यास जेमतेम १२,७४२; पाणबुडी आरपार निघून चंद्राच्या वाटेला लागेल. हा आकडा पाण्याखालून कापलेल्या अंतराचा आहे. मूळ फ्रेंच शीर्षकातही ‘समुद्र’ अनेकवचनी आहे, रूढ इंग्रजी शीर्षकात तो एकवचनी झाला.

खोलीवरून व्हर्नला धरायचंच असेल, तर नॉटिलस १६,००० मीटर खाली उतरते ते प्रकरण काढा. खरा समुद्र सुमारे ११,००० मीटरलाच संपतो.